युद्ध आणि चित्र यांच्यामधली वर्षं

काजळरेघ

गेले काही दिवस एक वजाबाकी करत बसलेय. चित्रकाराने युद्ध पाहिलं ते साल घ्यायचं, आणि युद्धावरचं त्याचं जे काम आज आपल्याला आठवतं ते पुरं झाल्याचं साल घ्यायचं. मध्ये किती वर्षं गेली?

जर्मन चित्रकार ओटो डिक्स पहिल्या महायुद्धात, १९१५ मध्ये आघाडीवर गेला. मशीनगनवर होता, सोमची लढाई त्याने खंदकात राहून काढली. ‘युद्ध’ ही त्याची ५० एचिंगची (ॲसिडने कोरलेल्या पत्र्यावरून छापलेल्या चित्रांची) मालिका १९२४ ची. त्याच नावाचं मोठं चित्र, चर्चमध्ये वेदीमागे असतं तसं जोडफळ्यांचं, आज ड्रेस्डेनमध्ये आहे. ते त्याने १९२९ ला हातात घेतलं आणि १९३२ ला संपवलं.

जर्मन चित्रकार आणि शिल्पकार केटे कोल्वित्झचा धाकटा मुलगा पेटर ऑक्टोबर १९१४ मध्ये बेल्जियमच्या आघाडीवर मारला गेला. वय अठरा. भरती व्हायला त्याला बापाची परवानगी हवी होती, बाप तयार नव्हता, आणि आईने मध्ये पडून ती मिळवून दिली होती. हे वाक्य मी दोनदा लिहून खोडलं, पण ते गाळून तिच्याबद्दल बोलताच येत नाही. स्मारकाचा विचार त्याच हिवाळ्यात तिच्या मनात सुरू झाला. आईबापांचे ते दोन दगडी पुतळे दफनभूमीत बसले १९३२ मध्ये.

स्टॅन्ली स्पेन्सर, इंग्रज चित्रकार. इंग्लंडमधल्या लष्करी इस्पितळात अर्दली, मग मॅसिडोनियात. बर्गक्लेअरच्या चॅपेलमधली त्याची चित्रं १९२७ ला सुरू झाली आणि संपली... पुन्हा १९३२!

तिघंही त्याच साली. ठरवून केल्यासारखं. (पुढच्या वर्षी जर्मनीत काय झालं ते सांगायला नको. डिक्सची ड्रेस्डेनच्या अकादमीतली नोकरी गेली, कोल्वित्झला प्रशियन अकादमी सोडावी लागली.)

आणि झोरान मुशिच, स्लोव्हेनियाचा चित्रकार. १९४४ मध्ये व्हेनिसमध्ये पकडला गेला, डाखाऊच्या छळछावणीत गेला. तिथे मिळेल त्या कागदावर लपून प्रेतं काढत होता. सुटल्यावर वर्षानुवर्षं त्याने रंगवलं काय, तर घोडे, गाढवं, डाल्मेशियाच्या उघड्या टेकड्या. १९७० साली एकदम ती प्रेतं परत आली. मालिकेचं नाव ‘आम्ही शेवटचे नाही’. म्हणजे पंचवीस वर्षं.

हा उशीर कशाचा? धक्का पचायला वेळ लागतो हे उत्तर मला फार सोपं वाटतं. पचलं असतं तर काढलंच कशाला असतं?

---

चहाटळ

आणि पिकासो?

स्पेनमधल्या गेर्निका गावावर बॉम्ब पडले २६ एप्रिल १९३७ ला. पहिली रेखाटनं १ मेची. जूनच्या सुरुवातीला चित्र तयार. साडेतीन मीटर उंच, पावणेआठ मीटर लांब, पाच आठवड्यांत! बरं, गडी तेव्हा पॅरिसमध्ये. गाव पाहिलं नाही, बॉम्ब पाहिला नाही, पेपरात बातमी वाचली. आणि जगात युद्धाचं चित्र म्हटलं की लोक याच चित्राचं नाव घेतात.

वजाबाकी कोलमडली की हो तुमची.

---

काजळरेघ

@चहाटळ, कोलमडली नाही, जरा हलली. :)

पॅरिसच्या प्रदर्शनातल्या स्पॅनिश दालनासाठी भित्तिचित्र हवं हे त्याला जानेवारीतच सांगितलं होतं. एप्रिलअखेरपर्यंत त्याच्याकडे त्या भिंतीजोगं काही नव्हतं. चित्रकार आणि मॉडेल या जुन्याच विषयाभोवती तो घुटमळत होता. बातमी आली आणि अडलेला गाडा सुटला.

आणि पाच आठवडे म्हणजे एका झटक्यात नव्हे. छायाचित्रकार डोरा मारने चित्र होत असतानाचे टप्प्याटप्प्याने फोटो काढून ठेवलेत, ते जरूर पहा. सुरुवातीच्या फोटोत खाली पडलेल्या सैनिकाचा हात सरळ वर गेलाय, मूठ वळलेली. पुढे त्या मुठीत कणसं येतात, मागे सूर्य येतो. म्हणजे भित्तिपत्रकावर शोभेल असं सगळं जमून आलं होतं. मग तो हात गेला, मूठ गेली, सूर्य गेला. उरलेल्या सैनिकाच्या हातात मोडकी तलवार आणि तिच्याजवळ एक फूल, तेही इतकं फिकं की पटकन दिसत नाही.

मूठ ठेवली असती तर ते प्रचाराचं एक चांगलं चित्र झालं असतं. म्हणून आता वाटतं की मी चुकीचं काहीतरी मोजत होते. वर्षांपेक्षा काय काय पुसलं ते बघायला हवं होतं.

---

ठसेवाला

काजळरेघ ताई, पुसण्याचा मुद्दा छान आहे, पण डिक्सला तो लागू करू नका. त्याने काहीही पुसलेलं नाही. उलट आहे.

मी स्वतः एचिंग करतो, म्हणून जरा लांबण लावतो. जस्ताच्या किंवा तांब्याच्या पत्र्यावर मेणासारखा थर द्यायचा, सुईने तो खरवडायचा, आणि पत्रा ॲसिडमध्ये सोडायचा. थर गेलाय तिथे ॲसिड धातू खातं. जितका वेळ ठेवाल तितकी रेघ खोल, तितकी शाई जास्त, तितका काळा गडद. ॲक्वाटिंटमध्ये राळेची बारीक पूड पत्र्यावर धरवून गरम करतात, मग ॲसिड त्या कणांच्या मधून खातं आणि रेघेऐवजी सलग करडा पोत येतो. शिकवताना आम्हाला पहिलं काय सांगितलं? पत्रा वेळेत बाहेर काढ. जास्त राहिला तर रेघांच्या कडा ढासळतात, दोन रेघांमधली भिंत पडते, पोताची चाळण होते. याला आम्ही पत्रा ‘खाल्ला गेला’ म्हणतो आणि तो भंगारात टाकतो.

डिक्सने नेमकं तेच मुद्दाम केलंय. त्याच्या मालिकेतली काही पानं भिंग लावून बघा. जिथे मांस सडलंय तिथे धातूच सडलाय. चिखल काढलेला नाही, ॲसिडने केलाय. एक पान आहे, खंदकातला सैनिक डब्यातून ओरपतोय आणि शेजारी गोठलेल्या मातीत सांगाडा. त्या सैनिकाच्या अंगाचा पोत आणि मातीचा पोत वेगळा करता येत नाही. बसलाय माणूस, पण अर्धा आधीच जमिनीत गेलाय.

हे १९१६ मध्ये जमलं नसतं. तेव्हा त्याच्याकडे खडू आणि पोस्टकार्डं होती, आणि ती कामं चांगली, वेगवान आहेत. त्यात अजून स्फोटांची एक नशा दिसते, कारण तो स्वतःहून भरती झालेला होता, हे विसरू नका. एचिंगची ही मालिका झाली आठ वर्षांनी. मध्ये पालेर्मोच्या तळघरातली सुकलेली प्रेतं जाऊन बघून आला, गोयाच्या युद्धमालिकेचा अभ्यास केला. गोयाच्या ८२ पानांचं तर आणखीच वेगळं: १८१० ला सुरू झालेली, त्यातली ८० छापून बाहेर आली १८६३ ला. माणूस जाऊन पस्तीस वर्षं झाली होती. वजाबाकीत तो पण घाला.

तर माझं मत: उशीर मनामुळे नसतो, हत्यार सापडत नाही म्हणून असतो.

---

मी_तोच

+१. ठसेवाले, दंडवत. ‘खाल्ला गेला’ हे डोक्यातून जाणार नाही आता.

---

मातीचे_पाय

हत्याराचा मुद्दा पटला, तरी एक माणूस यात बसत नाही. इंग्रज चित्रकार पॉल नॅश.

१९१७ च्या वसंतात बेल्जियममधल्या ईप्रच्या आघाडीवर गेला तेव्हाची त्याची पत्रं वाचून माणूस सहलीला गेलाय असं वाटतं: फुलं, हिरवळ, पक्षी. मे १९१७ मध्ये अंधारात खंदकात पडला, बरगडी मोडली, लंडनला धाडला. पुढच्या काही दिवसांतच त्याचे बरेच सहकारी एका हल्ल्यात संपले. बरगडीने वाचला म्हणायचं. त्याच वर्षी शरदात तो सरकारी चित्रकार म्हणून परत गेला आणि तोवर पावसाने आणि तोफांनी सगळ्याचा राडा झालेला. नोव्हेंबरात त्याने बायकोला लिहिलेलं पत्र प्रसिद्ध आहे. आपण आता कलावंत उरलो नाही, निरोप्या आहोत, असं त्यात म्हणतो. लढणाऱ्यांचा निरोप, ज्यांना हे युद्ध कायम चालावंसं वाटतंय त्यांच्यापर्यंत पोचवायचा.

आणि लगेच १९१८ मध्ये ‘आपण नवं जग घडवतोय’ हे चित्र. लालसर तपकिरी ढग, त्यातून वर येणारा पांढरा सूर्य, खाली मातीचे गोळे आणि जळक्या झाडांचे सोट. माणूस एकही नाही. वर्षसुद्धा गेलेलं नाही मध्ये. हत्यार कोणतं, तर आयुष्यभर तो निसर्गचित्रंच काढत होता, तेच. फक्त समोरचा निसर्ग मेला होता.

म्हणजे हत्यार आधीच हातात असलेल्याला उशीर होत नाही असं म्हणायचं का?

---

काजळरेघ

हो, आणि तुमच्या लक्षात आलं का, नॅशनेही माणसं पुसलीच आहेत. स्पेन्सरने तर लढाईच पुसली. बर्गक्लेअरच्या चॅपेलमध्ये भिंतभर काय चाललंय? कोणी फरशी घासतंय, कोणी चहाची पिंपं भरतंय, कोणी धुतलेले कपडे मोजून घेतंय, इस्पितळात पावाला जाम लावतायत. गोळी सुटताना दिसत नाही. आणि मग वेदीमागची अख्खी भिंत: मेलेले सैनिक जमिनीतून उठतायत, एकमेकांशी हस्तांदोलन करतायत, आणि आपापल्या थडग्यावरचा पांढरा क्रूस हातात घेऊन परत करायला आलेत. जसं सैन्यातून सुटताना सामान जमा करतात तसं. क्रूसांचा हा ढीग पडलाय. ज्याच्याकडे जमा करायचे तो ख्रिस्त कुठेतरी मागे, लहानसा.

अर्दली म्हणून ज्याने सतराशे साठ वेळा सामान मोजलंय त्यालाच पुनरुत्थान असं सुचणार.

---

एक_वाचक

सगळं ठीक. पण मला या चर्चेचा थोडा त्रास होतोय. पोत, रेघ, काळा गडद. चिखलात माणसं मेली आणि आपण ॲसिडचं कौतुक करतोय. ही चित्रं टांगल्यावर चांगली दिसतात हीच त्यांची अडचण नाही का?

---

ठसेवाला

एक_वाचक, रास्त. पण डिक्सची तरी टांगल्यावर चांगली दिसत नव्हती. ‘खंदक’ हे त्याचं चित्र कोलोनच्या संग्रहालयाने १९२३ मध्ये घेतलं तर एवढा गहजब झाला की पुढे पडदा लावून ठेवावा लागला, आणि शेवटी खरेदीच मोडली. तेव्हा शहराचे महापौर होते कोनराड आडेनाउअर, पुढे चॅन्सेलर झालेले. नंतर नाझींनी ते १९३७ मध्ये म्युनिकला ‘अधःपतित कला’ म्हणून दाखवलं, आणि पुढे ते गायब झालं. आज फक्त फोटो आहे.

इंग्लंडातही तेच. नेव्हिन्सन या चित्रकाराने १९१७ मध्ये काटेरी तारांपाशी पालथे पडलेले दोन ब्रिटिश सैनिक काढले. बास, दोन पाठमोरी प्रेतं. सेन्सॉरने मनाई केली. पठ्ठ्याने प्रदर्शनात टांगलंच, वर तपकिरी कागदाची पट्टी चिकटवून त्यावर ‘सेन्सॉर्ड’ लिहिलं. तर त्या शब्दाबद्दलही बोलणी खाल्ली!

आणि पडद्याचं म्हणाल तर २००३ च्या फेब्रुवारीत संयुक्त राष्ट्रांत इराकवर बोलणी चालू होती तेव्हा तिथल्या ‘गेर्निका’च्या विणलेल्या प्रतीवर निळा पडदा टाकला होता. चित्र नुसतं शोभेचं असतं तर कोणी झाकलं नसतं.

---

चहाटळ

अवांतर: फ्रान्झ मार्क, निळे घोडे काढणारा. सैन्यात त्याला तोफा विमानांतून दिसू नयेत म्हणून ताडपत्र्या रंगवायचं काम मिळालं. घरी पत्रात लिहितो की माने ते कांडिन्स्की अशा वेगवेगळ्या शैलींत रंगवल्या! हे फेब्रुवारी १९१६. ४ मार्चला व्हर्दंच्या लढाईत मारला गेला. त्याची वजाबाकी करता येत नाही.

---

दूरदेशी

बरीच वर्षं वाचनमात्र आहे, आज राहवलं नाही.

तुम्ही सगळे धरून चालला आहात की युद्धाला प्रतिसाद म्हणजे युद्धाला विरोध. त्सुगुहारु फुजिताचं काय कराल? विसाच्या दशकात पॅरिसमध्ये मांजरी आणि दुधी रंगाच्या नग्न स्त्रिया काढून गाजलेला माणूस. दुसऱ्या महायुद्धात जपानी लष्करासाठी चित्रं काढत होता. १९४३ चं ‘अट्टू’ बेटावरच्या शेवटच्या लढाईचं चित्र प्रचारासाठीच दाखवलं गेलं. प्रत्यक्षात ते काय आहे? तपकिरी अंधार, त्यात एकमेकांत गुंतलेली शरीरं, कोण कोणाला भोसकतंय कळत नाही. शत्रू ओळखू येत नाही, विजय दिसत नाही. लोक त्यापुढे हात जोडत होते. तो स्वतः मात्र त्यावर खूश होता, आणि युद्धानंतर दोषाचं खापर त्याच्यावर फुटलं तेव्हा १९४९ मध्ये देश सोडून गेला तो गेलाच. अमेरिकनांनी अशी १५३ युद्धचित्रं ताब्यात घेतली, १९७० मध्ये परत पाठवली ती ‘बेमुदत उसनी’ म्हणून. आजही ती सगळी एकत्र सहसा दाखवत नाहीत.

फुजिताने हे चित्र युद्ध चालू असताना, वरून हुकूम असताना, खंदक न पाहता काढलं. तुमच्या कुठल्याच रकान्यात तो बसत नाही. आणि चित्र वाईट आहे असं मला म्हणता येत नाही. फार प्रयत्न केला.

त्याच्या समोर मारुकी दांपत्य ठेवा. इरी हा बॉम्बनंतर तीन दिवसांनी हिरोशिमात पोचला, तोशी त्याच्या मागून. तो शाईचा चित्रकार, ती तैलरंगांची. पहिलं चित्र ‘भुतं’ १९५० चं. १.८ मीटर उंच, ७.२ मीटर लांब, पडद्यासारखं. मग थांबलेच नाहीत, १९८२ पर्यंत पंधरा झाली. १९७१ मध्ये काय काढलं? हिरोशिमात मेलेले अमेरिकन युद्धकैदी. पुढच्या वर्षी ‘कावळे’: कोरियन मृतांची प्रेतं सगळ्यांत शेवटपर्यंत तशीच पडून राहिली, त्यांच्यावर कावळे. १९७५ मध्ये चीनमधलं नानजिंग, जिथे मारणारे जपानी होते. काजळरेघ, तुमचा हिशोब इथे पहिल्या चित्रानंतरही बत्तीस वर्षं लांबतो, पण ते त्याच गोष्टीकडे बघत नव्हते. दर वेळी ‘आम्ही’ या शब्दात आणखी कोणी येत होतं.

---

काजळरेघ

दूरदेशी, इतकी वर्षं का नाही लिहिलंत!

फुजितापुढे माझं ‘पुसणं’ पण अडखळलं. त्याने तर विजयच पुसला आणि प्रचाराला तेही चाललं. म्हणजे पुसण्यानेही चित्र कुणाच्या बाजूचं हे ठरत नाही. यावर माझ्याकडे उत्तर नाही, विचार करते.

---

मातीचे_पाय

आणि खंदक म्हणजेच युद्ध का, हाही प्रश्न आहे. १९४३ चा बंगालचा दुष्काळ. जपानी येतील म्हणून होड्या जप्त, सैन्यासाठी धान्य उचललं गेलं, भाव पेटले. लाखो माणसं गोळी न लागता मेली. झैनुल आबेदिनने साध्या कागदावर काळ्या शाईने रस्त्यावरची माणसं काढली. चित्तप्रसादने मिदनापूर पायी हिंडून ‘हंग्री बेंगॉल’ काढलं, ती पुस्तिका सरकारने जप्त करून नष्ट केली. हे दोघं अजिबात थांबले नाहीत.

थांबला तो सोमनाथ होर. म्हणजे रेखाटनं त्यानेही तेव्हाच केली. पण १९७० च्या दशकातली ‘जखमा’ मालिका पाहिलीय का कोणी? पांढऱ्या कागदावर पांढरंच. शाई नाही.

---

ठसेवाला

पाहिलीय! आणि माझा ‘हत्यार’ सिद्धांत इथे एकदम फिट बसतो, म्हणून पुन्हा येतो.

त्याने छापणं सोडून दिलं. मातीच्या किंवा मेणाच्या पाट्यावर चाकूने, तापवलेल्या सळईने वार करायचे, भोसकायचं. त्याचा सिमेंटचा साचा घ्यायचा. त्या साच्यात कागदाचा ओला लगदा दाबायचा, वाळू द्यायचा. निघतो तो कागद नसतो, कातडी असते. चिरलेली, कडा सुजलेल्या. समोरून दिवा असला तर कोरा कागद दिसतो. दिवा बाजूने असला तर दिसायला लागतं. मी पहिल्यांदा बघितलं तेव्हा चौकट रिकामी टांगलीय समजून पुढे गेलो होतो, दारातून मागे वळलो आणि खिडकीच्या उजेडात दिसलं.

आमच्या धंद्यात शाई वगळायचं धाडस... असो. ताई, हे पुसणंच आहे. अर्धा तुमचा, अर्धा माझा.

---

पायवाट

कोल्वित्झचे पुतळे मी पाहिलेत, बेल्जियममध्ये व्लाड्स्लोला. कोणी त्याबद्दल पुढे लिहील म्हणून वाट पाहिली, मग म्हटलं आपणच लिहावं.

पहिल्या आराखड्यात मुलगा होता. आडवा पडलेला, बाप उशाशी, आई पायाशी. त्यावर तिने काही वर्षं काम केलं आणि १९१९ मध्ये ते सोडून दिलं. परत सुरू केलं तेव्हा मुलगा काढून टाकला होता. राहिले फक्त दोघं, गुडघ्यांवर, वेगवेगळ्या चौथऱ्यांवर. तिचा आणि नवऱ्याचा चेहरा. मध्ये मोकळी जागा आहे, बऱ्यापैकी. एकमेकांना हात लागत नाही. ती वाकलीय, शाल घट्ट ओढून. तो ताठ आहे आणि स्वतःच स्वतःला मिठी मारलीय, दोन्ही हात काखेत दाबून.

१९३२ मध्ये ते जिथे बसवले ती दफनभूमी ही नव्हे. तिथली थडगी १९५० च्या दशकात हलवली, पुतळेही आले. पहिल्या जागी ते प्रवेशाजवळ होते, इथे अगदी मागच्या टोकाला आहेत. हजारो माणसं आहेत तिथे, सपाट चौकोनी दगड, एकेका दगडावर पुष्कळ नावं, दाटीवाटीने. मोठमोठी झाडं, त्यामुळे दगड ओले असतात.

पेटरचं नाव असलेला दगड बापाच्या पुतळ्यासमोरच आहे, आणि बापाची नजर बरोबर त्यावर पडते. १९३२ च्या मांडणीत हे नव्हतं. जागा बदलताना झालं. आई १९४५ मध्येच गेलेली, तिला हे बघायला मिळालं नाही.

तिची नजर दगडापर्यंत पोचत नाही. मी तिच्या शेजारी गुडघ्यांवर बसून पाहिलं. तिथून आपले गुडघे दिसतात आणि थोडं गवत.